केळ्यात पाऊण हिस्सा पाणी, मग ते दिसत का नाही?

कोरांटी
गेल्या महिन्यात घरी फळं सुकवायचं यंत्र आणलं. लेक आठवीत आहे आणि तिला सगळं मोजायचा नाद आहे. यंत्रात घालण्याआधी आणि काढल्यावर वजन लिहायचं, असं तिनेच ठरवलं. प्रत्येक फळाचा गर बरोबर ५०० ग्रॅम घेतला, द्राक्षं तेवढी सालीसकट. सुकून झाल्यावर उरलं ते असं: कलिंगड ५२ ग्रॅम, सफरचंद ८३, द्राक्षं ११७, केळी १४१.

कलिंगडाचं नवल वाटलं नाही. ते कापलं की ओटाभर ओघळ येतात. पण केळं? त्याच्यातून साडेतीनशे ग्रॅमच्या वर पाणी उडून गेलं! केळं कापताना सुरीला टिपूस लागत नाही. मुठीत दाबलं तर लगदा होतो, थेंब पडत नाही. मग एवढं पाणी होतं कुठे? लेकीचा दुसरा प्रश्न असा की सगळी झाडं मुळांतून पाणीच ओढतात, तर फळाफळांत एवढा फरक का पडावा? दोन्ही प्रश्नांची मला नीट उत्तरं देता आली नाहीत. इथे जाणकार आहेत म्हणून विचारते.

अवकाळी
आधी त्या मोजणाऱ्या लेकीला शाबासकी. द्राक्षं सुकायला किती वेळ लागला?

कोरांटी
विचारू नका. केळ्याच्या चकत्या एका दिवसात झाल्या, द्राक्षं दोन दिवसांनंतरही टपोरी. शेवटी एकेक सुईने टोचली तेव्हा कुठे सुकायला लागली.

मुळाक्षर
ते द्राक्षाच्या सालीवरच्या मेणामुळे. द्राक्षावर पांढरट धूळ दिसते ना, ते मेण. आतलं पाणी आतच ठेवायचं हेच त्याचं काम. बेदाणे करणारेसुद्धा याच कारणाने द्राक्षं आधी पोटॅशियम कार्बोनेट आणि तेलाच्या पाण्यात बुडवून काढतात. त्याने मेणाचा थर मोडतो आणि पाण्याला वाट मिळते. तुमची सुई तेच काम करत होती.

केळ्याबद्दल सविस्तर लिहिते, पण रात्री.

दशांश
लेकीचे आकडे छापील तक्त्यांशी फार छान जुळताहेत. खाण्याजोग्या भागाच्या १०० ग्रॅममध्ये पाणी साधारण असं असतं: काकडी ९५, टोमॅटो ९४ ते ९५ (वनस्पतिशास्त्रात ही दोन्ही फळंच), कलिंगड आणि स्ट्रॉबेरी ९१च्या आसपास, पपई ८८, संत्रं ८७, सफरचंद ८६, आंबा ८३, पेरू आणि द्राक्षं ८१, डाळिंबाचे दाणे ७८, केळं ७५, अ‍ॅव्होकॅडो ७३, ओलं खोबरं ४७ आणि खजूर २०-२१. जात कोणती, फळ किती पिकलंय, बागेला पाणी कसं दिलं, यावर हे आकडे दोन-चारने हलतात.

पण हे आकडे आपण ज्या पद्धतीने वाचतो तीच मला खटकते. सगळे पाण्याकडे बघतात. बघायला हवं ते उरलेल्याकडे. कलिंगड ९१, केळं ७५ असं म्हटलं की वाटतं, फार काही फरक नाही. उरलेलं बघा: ९ आणि २५. जवळजवळ तिप्पट! साखर, स्टार्च, तंतू, क्षार, सगळं त्या उरलेल्यात. म्हणून तर १०० ग्रॅम कलिंगडात ३० उष्मांक आणि तेवढ्याच केळ्यात ८९. खजुरात तर २७७.

एक कोडं घालतो. १०० किलो कलिंगडाचा गर आहे, त्यात ९२ टक्के पाणी. थोडा सुकवल्यावर पाणी ८४ टक्के झालं. वजन किती राहिलं?

चिमणचारा
९२ किलो. हे काय कोडं?

पानगळ
९२ पेक्षा थोडं कमी असेल. ९० धरा.

दशांश
५० किलो.

सुका भाग सुरुवातीला ८ किलो होता. तो कुठेही जात नाही, पाणी तेवढं जातं. आता पाणी ८४ टक्के म्हणजे सुका भाग १६ टक्के. ८ किलो हे कशाचे १६ टक्के? पन्नासाचे. टक्का आठानेच उतरला, पण निम्मं वजन उडालं. म्हणूनच म्हणतो, पाण्याचा आकडा माणसाला चकवतो.

चिमणचारा
दहा मिनिटं कागदावर मांडून पाहिलं. बरोबर आहे. आता हे घरात प्रत्येकाला विचारणार.

रानजाई
दशांश, हिशोब पटला, पण कोरांटीताईंचा प्रश्न तसाच राहिला. त्या विचारताहेत की पाणी *दिसत* का नाही. तुमच्याच यादीत स्ट्रॉबेरी आणि कलिंगड शेजारी शेजारी आहेत. मी दोन्ही भरपूर खाते. कलिंगड खाताना हनुवटीवरून ओघळतं, स्ट्रॉबेरीने बोटं जेमतेम ओली होतात. गाजरात ८८ टक्के पाणी असतं म्हणतात, म्हणजे द्राक्षांहून जास्त! गाजर कोणाला रसाळ वाटतं? तेव्हा टक्केवारीने हा प्रश्न सुटायचा नाही.

पानगळ
रानजाईंना अनुमोदन. भोपळ्यातही ९२ टक्क्यांच्या आसपास पाणी असतं. कच्चा भोपळा चावून बघा एकदा.

मुळाक्षर
रात्र झाली, बसले लिहायला. मी वनस्पतिशास्त्र शिकवते. हा प्रश्न दरवर्षी कोणी ना कोणी विचारतं आणि दरवर्षी मला तो आवडतो.

फळातलं पाणी बादलीत भरल्यासारखं मोकळं नसतं. ते पेशींमध्ये असतं. पेशीच्या मधोमध रिक्तिका नावाची एक पिशवी असते. पिकलेल्या गरात पेशीचा बहुतेक भाग या पिशवीनेच व्यापलेला असतो. पाणी, साखर, आम्लं, रंग, सगळं त्यात. ही पिशवी आतून पेशीच्या भिंतीवर दाब देते म्हणून फळ घट्ट लागतं. भिंत फुटली की पाणी बाहेर पडतं. आपण ज्याला रस म्हणतो तो हाच, फुटलेल्या पेशींतला. न फुटलेल्या पेशीतलं पाणी जिभेला कळत नाही, मग ते कितीही असो.

आता फळं बघा. संत्र्याच्या फोडीत आत लांबट रसपुटी असतात. त्यांच्या पेशी मोठ्या आणि भिंती अगदी पातळ. दात लागायचा अवकाश, की फुटल्या. डाळिंबात रस असतो बीच्या बाहेरच्या आवरणात, तेही फुग्यासारखं ताणलेलं. डाळिंबात पाणी ७८, केळ्यात ७५. तीनाचाच फरक, पण डाळिंब फुटतं आणि केळं दबतं.

केळं पिकताना काय होतं? दोन पेशींना चिकटवून ठेवणारा पेक्टिनचा थर असतो, तो विरघळत जातो. चावल्यावर पेशी फुटण्याऐवजी एकमेकींवरून घसरतात. पाणी पेशींतच राहतं आणि लगदा तयार होतो. जे थोडंफार बाहेर येतं ते विरघळलेल्या पेक्टिनमुळे आणि साखरेमुळे दाट असतं, ओघळत नाही. कोरांटी, तुमचं साडेतीनशे ग्रॅम पाणी तिथे होतं.

अगदी हेच सफरचंदात बघायला मिळतं. ताजं सफरचंद चावलं की पेशी तडातडा फुटतात, रस उडतो. तेच जास्त दिवस राहून पिठूळ झालं की कोरडं लागतं. आपण म्हणतो, सुकलं. पण पाणी फारसं घटलेलंच नसतं! पेशींची एकमेकींवरची पकड सुटलेली असते, म्हणून त्या फुटत नाहीत, नुसत्या सुट्या होतात. तोंडात पिठासारखं लागतं ते त्यामुळे.

आणि अ‍ॅव्होकॅडो. ७३ टक्के पाणी असूनही लोण्यासारखा लागतो, कारण १०० ग्रॅममध्ये १५ ग्रॅमच्या आसपास स्निग्धांश. जीभ त्यालाच ओळखते, पाणी त्याच्या मागे दडतं.

रानजाई
पिठूळ सफरचंदाचं आज पहिल्यांदा कळलं. इतकी वर्षं मी ती सुकली म्हणून बाजूला काढत होते. वाचनखूण साठवली.

निवांत
सगळं ठीक आहे, पण मूळ मुद्दा कोणी मांडतच नाही. फळातलं पाणी हे जिवंत पाणी. झाडाने गाळलेलं. त्याची सर साध्या पाण्याला नाही. रोज एक वेळ फक्त पाणीदार फळं खाल्ली तर वेगळं पाणी प्यायची गरजच उरत नाही, हा माझा चार वर्षांचा अनुभव आहे.

दशांश
निवांत, तुमच्या अनुभवावर शंका नाही, पण कारण वेगळं आहे असं मला वाटतं. पाण्याचा रेणू फळात गेला म्हणून बदलत नाही. फळाबरोबर पोटॅशियम, साखर, तंतू मिळतात, ते खरं. पाणी मात्र पाणीच. आणि साधारण आहारात एकूण पाण्याचा पाचवा हिस्सा अन्नातून मिळतो, उरलेलं प्यावंच लागतं. एक लिटर पाणी फक्त कलिंगडातून घ्यायचं तर अकराशे ग्रॅम गर खावा लागेल, आणि त्यातून साठ-सत्तर ग्रॅम साखर पोटात जाईल.

निवांत
मी पाणी अजिबात पीत नाही असं म्हटलं नव्हतं. पण साखरेचा हिशोब मी केला नव्हता, हे मान्य.

सुपलीभर
या पाण्याच्या हिशोबाची दुसरी बाजू सांगते. माझ्या वडिलांचं हृदय अशक्त झालं होतं. डॉक्टरांनी दिवसाला एक लिटरच्या आत द्रव असं बजावलं होतं. आम्ही पाणी, चहा, दूध, सगळं मापाने द्यायचो, वहीत लिहायचो. उन्हाळा होता. त्यांना तहान सोसवायची नाही. मग पाणी नाही तर नाही, फळ तरी खाऊ दे म्हणून मी त्यांना दुपारी वाडगाभर कलिंगड द्यायला लागले. आठवड्याने पायांवर सूज आली, वजन वाढलं. मी वही घेऊन तपासणीला गेले, सगळं मापात होतं. डॉक्टरांनी विचारलं, फळं कोणती देताय? तेव्हा डोक्यात प्रकाश पडला. ३०० ग्रॅम कलिंगड म्हणजे जवळजवळ पावणेतीनशे मिलिलिटर पाणी. रोज! माझ्या वहीत ते कुठेच नव्हतं.

त्यानंतर फळ वजन करून द्यायला लागले आणि ते द्रवाच्या रकान्यात लिहायला लागले. ज्यांच्या घरी असा पेशंट आहे त्यांनी फळांबद्दल आपल्या डॉक्टरांना नक्की विचारा. मूत्रपिंडाचा त्रास असेल तर पोटॅशियमचंही विचारा. मला कोणी आधी सांगितलं असतं तर बरं झालं असतं, म्हणून इथे लिहिलं.

पानगळ
सुपलीभर, हे लिहिल्याबद्दल मनापासून आभार. आईच्या बाबतीत मी संत्री अशीच हिशोबाबाहेर ठेवली आहेत. आजच विचारतो.

अवकाळी
प्रतिसाद काढून टाकला आहे (दोनदा उमटला)

चिमणचारा
अवांतर: मुलांना घेऊन बादलीत फळं टाकायचा खेळ करा. सफरचंदात ८६ टक्के पाणी, तरी ते तरंगतं. द्राक्षात ८१, तरी ते बुडतं! आम्ही सालीसकट संत्रं टाकलं, तरंगलं. तेच सोलून टाकलं, बुडालं. वजन कमी झाल्यावर बुडालं, हे बघून धाकटा अर्धा तास बादली सोडेना.

मुळाक्षर
हे अवांतर नाहीच. सफरचंदाच्या आकारमानाचा पाव हिस्सा हवा असू शकते, पेशींच्या मधल्या पोकळ्यांत. संत्र्याची हवा सालीच्या आतल्या पांढऱ्या भागात. साल म्हणजे त्याचा तरंगायचा पट्टाच. द्राक्षात हवा जवळपास नाही, साखर मात्र भरपूर, म्हणून ते पाण्याहून जड.

वाफा
बागकाम करणाऱ्याचा अनुभव जोडतो. कोरांटीताईंच्या लेकीचा दुसरा प्रश्न अजून कोणी हातात घेतला नाही.

फळात किती पाणी हे नुसतं झाडाच्या जातीवर नसतं, पाणी कधी मिळालं यावरही असतं. एका वर्षी मी टोमॅटोंना पंधरा दिवस नीट पाणी देऊ शकलो नाही. परत आलो आणि अपराधी वाटून एकदम भरपूर सोडलं. दोन दिवसांत पिकायला आलेली निम्मी फळं उभी-आडवी तडकली. आतल्या पेशींनी झपाट्याने पाणी ओढलं, साल तेवढ्या वेगाने ताणली गेली नाही. चेरी तर काढणीच्या तोंडावर पाऊस आला की तडकतात. त्या देठाकडूनही पाणी घेतात आणि सालीतूनही.

जी वाचली ती चवीला पाणचट. साखर तेवढीच, पाणी वाढलेलं. म्हणून जाणते लोक कलिंगड, खरबूज काढणीच्या आधी काही दिवस पाणी कमी करतात. गोडी मोजायला रिफ्रॅक्टोमीटर असतो, त्यावर रसाचा एक थेंब टाकायचा. आकडा ब्रिक्समध्ये येतो. १ ब्रिक्स म्हणजे १०० ग्रॅम रसात साधारण १ ग्रॅम साखर. माझ्या तडकलेल्या रोपांच्या टोमॅटोचा रस ३.५ आला, बेताने पाणी दिलेल्या वाफ्यातला ५.५. दोन्हींत पाणी नव्वदच्या वरच!

मुळाक्षर
वाफा, फार नेमकं उदाहरण. त्याला जोडून: फळात पाणी दोन वाटांनी येतं. जलवाहिन्यांतून जवळजवळ नुसतं पाणी आणि क्षार, रसवाहिन्यांतून साखर विरघळलेलं पाणी. द्राक्ष पिकायला लागलं की जलवाहिन्यांकडून येणारा ओघ बराच घटतो आणि रसवाहिन्यांचा वाढतो. म्हणून द्राक्षात साखर एवढी साठते. शिवाय साखर कोणत्या रूपात ठेवायची हेही प्रत्येक झाडाचं वेगळं. केळं ती स्टार्चच्या कणांत ठेवतं, अ‍ॅव्होकॅडो तेलात. स्टार्च आणि तेल पाणी ओढून घेत नाहीत, साखर ओढते.

रानजाई
पण झाडाने नुसत्या पाण्याचं फळ करावंच कशाला? यात झाडाचा काय फायदा?

वाफा
पाणी हे स्वस्तातलं आमिष आहे. प्राण्याने फळ खावं, बिया दूर न्याव्या, एवढंच झाडाला हवं असतं. जिथे पाण्याचा दुष्काळ तिथे पाणी हेच सगळ्यात मोठं आमिष. कलिंगडाचे रानटी भाईबंद आफ्रिकेतल्या कोरड्या प्रदेशांतले. कालाहारीत त्सामा नावाचं रानटी कलिंगड वाढतं. ते गोड नसतं, पण कोरड्या महिन्यांत माणसं आणि जनावरं पाण्यासाठी त्याच्यावर अवलंबून राहत आली आहेत. इजिप्तमध्ये तुतनखामेन या प्राचीन राजाच्या थडग्यातही कलिंगडाच्या बिया सापडल्या. गोडी ही माणसाने निवड करत करत मागाहून वाढवली.

पानगळ
खजूरही कोरड्या प्रदेशातलाच ना? मग त्यात २० टक्केच का?

वाफा
तो झाडावरच सुकतो म्हणून. कोवळ्या, अजून कडक असलेल्या खजुरात पाणी बरंच जास्त असतं. पिकता पिकता ते उडतं आणि साखर दाट होते. तेवढ्या दाट साखरेत जिवाणूंना पाणी मिळत नाही, म्हणून तो टिकतो.

दशांश
तोच नियम जॅमला. जॅममध्ये ३० टक्क्यांच्या आसपास पाणी असतं, तरी टिकतो, कारण साखरेने ते धरून ठेवलेलं असतं. कोरांटीताई, तुमच्या डब्यातल्या चकत्या मात्र अधूनमधून बघत जा. मऊ पडल्या तर त्यांनी हवेतलं पाणी परत ओढलं असं समजा, पुन्हा तासभर यंत्रात घाला.

अवकाळी
मघाशी लिहायचं राहिलं. मी एकदा पिकलेली केळी सोलून बर्फाच्या कप्प्यात ठेवली आणि विसरले. आठवड्याने बाहेर काढून ताटलीत ठेवली तर तासा-दोन तासांत ताटलीत पाणी साचलं. तेव्हा वाटलं होतं बर्फाचं असेल. मुळाक्षर, ते केळ्यातलंच होतं का?

मुळाक्षर
अवकाळी, तुम्ही मूळ प्रश्नाचं सगळ्यात सुंदर उत्तर दिलंत! हो, बहुतेक सगळं केळ्यातलंच. पाणी गोठताना ९ टक्क्यांच्या आसपास फुगतं आणि बर्फाचे सुळे पेशींच्या भिंती फाडतात. वितळल्यावर आतलं पाणी धरून ठेवायला कोणी उरत नाही. गोठवलेली स्ट्रॉबेरी लिबलिबीत होते ती यामुळेच. दातांना जे जमत नाही ते बर्फाला जमतं.

कोरांटी, लेकीला अजून एक मोजणी सुचवते. एकाच फणीतली केळी रोज एक, साल आणि गर वेगळा वजन करायचा. पिकताना गरातला स्टार्च साखर होतो आणि ती साखर सालीतलं पाणी आत ओढते. गर आणि साल यांचं प्रमाण बदलताना दिसेल.

कोरांटी
बारा दिवसांनी येतेय, पण रिकाम्या हाताने नाही.

हिरव्या केळ्याची साल ६८ ग्रॅम, गर ९२. पिवळ्यावर तपकिरी ठिपके आलेल्या केळ्याची साल ४७, गर १०१. म्हणजे साल १ तर गर आधी १.३५, नंतर २.१५. फळं वेगवेगळी होती, त्यामुळे नुसत्या वजनावर जाऊ नका, पण मधल्या दिवसांचे आकडेही याच दिशेने चढत गेले. लेकीने आलेख काढून कपाटावर चिकटवलाय.

आणि काल तीन केळी सोलून गोठवली होती, ३१० ग्रॅम. आज सकाळी गाळणीत ठेवली, खाली वाटी. दुपारपर्यंत वाटीत ६४ ग्रॅम पाणी जमलं, फिकट तपकिरी, चांगलंच पातळ. लेक शाळेतून आली, वाटी उजेडाकडे धरून बघितली आणि मग पिऊन टाकली. गोड होतं म्हणाली. आता कप्प्यात सफरचंद आणि पेरू ठेवलेत.